बिनपॉलिशचं बाकडं

मिस्त्रींच्या दुकानाबाहेर गिऱ्हाइकांसाठी एक बाकडं ठेवलेलं होतं आणि त्यावर कोणालाच फार वेळ बसता येत नसे. बाकडं भक्कम होतं, उंचीला नेमकं होतं, पण त्याला मिस्त्रींनी स्वतःच्या हातानं पॉलिश केलेलं होतं. माणूस बसला की बोलता बोलता पुढे सरकायचा, सावरून मागे व्हायचा, पुन्हा सरकायचा आणि शेवटी उभ्याउभ्याच काम सांगून निघून जायचा. मिस्त्रींना यात काही गैर वाटत नसे. बसायला काय, माणूस पायरीवरही बसतो, असं त्यांचं म्हणणं.

सुतारकामात रंधा, करवत, पटाशी हे सगळं त्यांच्या दृष्टीनं पोटापुरतं होतं. खरा जीव पॉलिशमध्ये. लाख स्पिरिटमध्ये विरघळवायची, मऊ कापडाचा बोळा करायचा आणि लाकडावरून असा हात फिरवत बसायचं की बाहेर संध्याकाळ झाली तरी पत्ता लागू नये. "माझ्या डोक्यावरून कधी इतक्या मायेनं हात फिरवला नाही," असं त्यांची बायको येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची. त्यावर मिस्त्री म्हणायचे, "तू स्थिर कुठे बसतेस?"

माणूस कामाला चोख, पण चूक कबूल करायची म्हटली की त्यांची जीभ टाळूला चिकटायची. कपाटाचं दार लागत नाही म्हणून कोणी तक्रार घेऊन आलं, तर ते शांतपणे विचारायचे, "घर किती जुनं आहे?" मग घराचा पाया खचलाय, भिंत कललीय, हवेत दमटपणा वाढलाय, असं एकेक करत दोष पार आकाशापर्यंत नेऊन ठेवायचे. गिऱ्हाईक दाराची तक्रार घेऊन यायचं आणि घराची काळजी घेऊन परत जायचं.

या माणसानं मुलगी दिली ती एका निवृत्त कवायतीच्या मास्तरांच्या घरात. मास्तरांचा आवाज असा की गल्लीच्या या टोकाला त्यांनी "सावधान" म्हटलं तर त्या टोकाच्या इस्त्रीवाल्याच्या पाठीचा कणा ताठ व्हावा. पण व्याही समोर आले की हाच आवाज लोण्यासारखा मऊ व्हायचा. मिस्त्रींचंही तेच. दोघं भेटले की "तुम्ही आधी", "छे छे, तुम्ही आधी" करत दारातच इतका वेळ उभे राहायचे की मागे उभ्या असलेल्या बायका पिशव्या खाली ठेवायच्या. लग्नाला वर्ष उलटलं, तरी दोघांमध्ये हवापाण्यापलीकडे एक शब्द झालेला नव्हता.

पुढे मास्तरांची कंबर धरली. कोणीतरी सांगितलं, कोरड्या उष्णतेत बसून घाम काढा. कोणीतरी म्हणजे त्यांचा एक जुना विद्यार्थी. तो कुठल्याशा थंड मुलखातून परत आला होता आणि तिथे म्हणे घरोघरी अशा लाकडी खोल्या असतात, त्यांना सॉना म्हणतात. मास्तरांनी जिन्याखालची अडगळीची खोली रिकामी केली, आतून लाकडाच्या फळ्या मारून घेतल्या, दगड तापवणारा हीटर बसवला. विहीणबाईंनी एवढंच म्हटलं, "घामच काढायचा होता तर झाडू कोपऱ्यातच आहे." खोली तयार झाली आणि गाडं बाकड्यांवर अडलं. विकतची आणायची की करवून घ्यायची यावर जेवणाच्या टेबलावर वाद सुरू झाला, तेव्हा सून हळूच म्हणाली, "माझे बाबा करून देतील."

त्याच दिवशी तिनं मिस्त्रींना फोन केला.

"बाबा, नीट ऐका. या घरात मी पहिल्यांदाच काहीतरी सुचवलंय आणि ते सगळ्यांनी मान्य केलंय. नाहीतर इथे चहात साखर किती घालायची तेसुद्धा मला कोणी विचारत नाही. माझं नाक कापू नका."

"अगं, मी काय आज रंधा धरलाय?"

"रंध्याचं नाही म्हणत मी. मी त्या विद्यार्थ्याला विचारून घेतलंय. गाठी नसलेलं, राळ न सुटणारं हलकं लाकूड घ्यायचं. स्क्रू सगळे खालून मारायचे, वर लोखंड दिसता कामा नये, तापून चटका बसतो. पट्ट्यांमध्ये फट ठेवायची. बाकडी नुसती आधारावर ठेवायची, धुवायला बाहेर काढता आली पाहिजेत. आणि पॉलिश करायचं नाही."

"म्हणजे एकच हात द्यायचा?"

"एकही नाही."

"मग निदान सीलरचा एक पातळ थर?"

"बाबा! काही म्हणजे काही नाही. गरमीनं ते मऊ पडतं, अंगाला चिकटतं. लाकूड उघडंच राहू द्यायचं."

मिस्त्रींनी फोन ठेवला आणि बराच वेळ भिंतीकडे बघत बसले. कोणी मेल्याची बातमी आहे की काय असं वाटून बायको बाहेर आली. "पोरीच्या सासरी उघडं लाकूड द्यायचंय," ते म्हणाले.

पण मुलीचा शब्द होता. त्यांनी दहा वखारी पालथ्या घालून फिकट, सरळ रेषांचं लाकूड आणलं. वखारवाला वैतागून म्हणाला, "मिस्त्री, मुलगी बघताय की फळी?" कडा त्यांनी रंध्यानं गोल केल्या, मग सँडपेपरनं इतक्या घासल्या की मांजर त्यावर येऊन झोपायला लागलं. स्क्रू खालून. फटी सगळ्या सारख्या. एक बाकडं खालचं, एक वरचं. वरचं लांब, दोन माणसं आरामात बसतील असं. बोळा आणि लाखेची बाटली त्यांनी स्वतःच उचलून माळ्यावर टाकली होती. ज्यानं पान खाणं सोडलंय तो जसा पानपट्टीवरून जाताना मान वळवतो, तसे ते माळ्याखालून जायचे.

बाकडी व्याह्यांकडे पोचवायला गेले तेव्हा मुलगी ऑफिसात होती. मास्तर "वा, वा" म्हणाले. विहीणबाई पुढे झाल्या, पट्टीवरून बोट फिरवलं आणि अगदी गोड आवाजात म्हणाल्या, "छानच झालीत हो. पॉलिश राहिलंय वाटतं अजून?"

त्या बिचाऱ्या सहज बोलल्या. मिस्त्रींच्या मात्र कानशिलापर्यंत रक्त चढलं. "पॉलिश करायचंच नसतं" एवढं एक वाक्य बोलायचं होतं. पण ते तोंडातून निघेना. उभ्या गावाला चकाकी पुरवणारा माणूस, मुलीच्या सासूसमोर उभा राहून असं कसं म्हणणार? उद्या त्या म्हणतील, लोकांच्या टेबलाला आरसा लावतात आणि मुलीच्या घरी ओबडधोबड टेकवून गेले.

"हो, म्हणजे... शेवटचा हात राहिलाय," मिस्त्री म्हणाले आणि दोन्ही बाकडी टेम्पोत घालून परत घेऊन आले.

माळ्यावरून बाटली खाली आली. बायको दारात उभी राहून म्हणाली, "पोरीनं नको म्हटलं होतं ना?"

"ती म्हणाली, पॉलिश चिकटतं. दुसऱ्यांचं चिकटत असेल. माझं कधी कोणाला चिकटलंय का? उलट माणूस घसरतो."

या युक्तिवादापुढे बायकोनं हात टेकले. मिस्त्रींनी मग काही हातचं राखलं नाही. थरावर थर चढवले, मुलीच्या लग्नात पुरवायची राहून गेलेली सगळी हौस त्या दोन बाकड्यांवर फिरवली. शनिवारी बाकडी पुन्हा जागेवर बसली तेव्हाही मुलगी ऑफिसातच होती. विहीणबाईंना पट्टीत स्वतःचा चेहरा दिसला आणि त्यांनी पदरानं नाकावरचा घाम टिपला. उद्घाटनाआधी कोणी आत डोकवायचं नाही म्हणून मास्तरांनी खोलीला कुलूप घातलं. मिस्त्री घरी आले ते शीळ घालतच.

रविवारी उद्घाटन. विहीणबाईंच्या दोन बहिणी खास बघायला आल्या होत्या. मुलगी स्वयंपाकघरात लिंबू पिळत होती. मास्तरांनी बाहेरचं बटण दाबून हीटर केव्हाचा लावून ठेवला होता. "पहिला मान करणाऱ्याचा," ते म्हणाले. "छे, घर तुमचं," मिस्त्री म्हणाले. शेवटी कमरेला टॉवेल गुंडाळून दोघं एकदमच दारातून आत शिरले आणि खांद्याला खांदा अडकला. आत बारीक पिवळा दिवा होता. दोघंही वरच्या बाकड्यावर, मध्ये सभ्य अंतर ठेवून, बसले. दार लागलं.

"छान ऊब आहे," मिस्त्री म्हणाले.

"छान," मास्तर म्हणाले.

थोड्या वेळानं मिस्त्रींच्या नाकाला ओळखीचा वास आला. इतका ओळखीचा, की क्षणभर त्यांना आपण दुकानातच बसलोय असं वाटलं. त्यांनी हळूच बाकड्यावर तळवा टेकवला. उचलायला गेले तर हात जरा उशिरानं आला.

मांडी हलवून बघितली. टॉवेल हलला नाही. टॉवेलाच्या आतले मिस्त्री हलले.

आता उठायचं तर टॉवेल इथेच राहणार आणि आपण तेवढे उठणार, हे त्यांना लख्ख कळलं. शेजारी प्रत्यक्ष व्याही बसलेले. त्यांनी तिरक्या नजरेनं पाहिलं. मास्तर छातीवर हाताची घडी घालून समोरच्या भिंतीकडे ताठ बघत होते. चेहरा लालबुंद.

"झालं असेल नाही एवढं पुरेसं?" मिस्त्रींनी विचारलं.

"तुम्ही म्हणाल तसं. तुम्ही व्हा पुढे."

"छे छे, तुम्ही आधी."

"तुम्ही पाहुणे."

"तुम्ही वडीलधारे."

कोणीच उठेना. दगड तापत होते. घाम नाकाच्या शेंड्यावरून टपटप गळत होता. अखेर मास्तरांनी मनाचा हिय्या करून कमरेला एक झटका दिला, तशी बाकड्याची ती बाजू त्यांच्यासकट वर आली आणि मिस्त्री आपल्या जागी कलंडले. बाकडं नुसतं आधारावर ठेवलेलं होतं ना. ते धाडकन खाली बसलं.

"व्याहीबुवा," मास्तर अगदी हलक्या आवाजात म्हणाले, "तुमचंही...?"

"हो."

"मला वाटलं माझंच. म्हटलं, वय झालं."

बाहेर आवाज ऐकून बायका दाराशी जमल्या, मुलगीही लिंबू टाकून आली. "काय पडलं?" विहीणबाईंनी विचारलं. "उघडू का?"

"नका!" दोघं एका सुरात ओरडले. मग मास्तरांना नाइलाजानं सांगावं लागलं की बाकड्याला जरा... चिकटायला झालंय.

"चिकटायला?" एक मावशी म्हणाली. दुसरी हसली. आणि मग विहीणबाईंचा आवाज आला, मुद्दाम खाली आणलेला, पण दारातून स्पष्ट ऐकू येणारा: "तरी मी म्हणत होते, विकतचीच आणा. पण सूनबाईंनी हट्ट धरला. आता बघा. पुन्हा म्हणून घरातल्या कामात हिचं ऐकायला नको."

मिस्त्रींनी कान दिला. मुलगी काहीतरी बोलेल, "मी नको म्हटलं होतं" असं सांगेल, असं त्यांना वाटलं. ती काहीच बोलली नाही. म्हणजे दाराशी उभ्याउभ्या तिला वास आला होता, सगळं समजलं होतं, आणि बापाला चारचौघांत उघडं पाडायचं नाही म्हणून ती गप्प होती.

मिस्त्रींकडे सांगायला कारणं पुष्कळ होती. हीटर जास्त तापला, खोलीला खिडकी नाही, टॉवेलच खराब. मास्तरही बसल्या जागेवरून त्यांच्याकडे झुकून कुजबुजले, "दोष हीटरवर ढकलून देतो मी. तुम्ही काही बोलू नका."

"नको," मिस्त्री म्हणाले. मग दाराकडे तोंड करून, आयुष्यात कधी काढला नव्हता एवढा आवाज काढून ओरडले, "विहीणबाई! चूक माझी आहे! पोरीनं मला दहादा बजावलं होतं, पॉलिश करू नका, गरमीनं चिकटतं. सगळं बरोबर सांगितलं होतं तिनं. मीच ऐकलं नाही. मला लाज वाटली उघडं लाकूड द्यायची. तिला यातलं काही माहीत नव्हतं. तिचं ऐकलं असतं, तर आत्ता आम्ही बाहेर सरबत पीत बसलो असतो!"

बाहेर कोणी हसलं नाही. आत मास्तरांनी व्याह्यांकडे पाहिलं. वर्षभरात पहिल्यांदाच या माणसानं हवापाण्याव्यतिरिक्त काहीतरी सांगितलं होतं. मास्तरांनी छाती भरून श्वास घेतला आणि त्यांचा तो जुना मैदानावरचा आवाज त्या एवढ्याशा खोलीत घुमला.

"सूनबाई! आता काय करायचं ते तू सांग. तू सांगशील तसं होईल!"

मग मुलीचा आवाज आला.

"आई, आधी हीटर बंद करा. मावशी, कपाटातून दोन कोरडे टॉवेल द्या. मी दार फक्त फटीएवढं उघडते, कोणी वाकून बघायचं नाही. लाख गार झाली की आपोआप सुटेल, तोवर दोघांनीही हलायचं नाही. आणि बाबा, ते पॉलिश खरवडून काढायचं. सगळं."

कामावर कोणी चुकलं की मिस्त्री ज्या सुरात बोलायचे, तोच हा सूर होता. तीच धार. तो ऐकताना त्यांचा ऊर असा भरून आला की डोळ्यांत आलं ते पाणी घामाचं की कशाचं, हे त्यांना ठरवता येईना.

"खालच्या बाजूचंसुद्धा?" त्यांनी केविलवाण्या आवाजात विचारलं. "खालून कोण बघतंय गं?"

"खालच्या बाजूचंसुद्धा."

"काढतो," मिस्त्री म्हणाले, आणि फटीतून आत आलेल्या टॉवेलसाठी बसल्या जागेवरूनच हात लांबवला.