एसीखालच्या कॉटचा निकाल

अन्याय झाला तो शारजातल्या आमच्या फ्लॅटमधल्या काकांवर, १९९८च्या ऑगस्टमधल्या एका शुक्रवारी, दुपारच्या जेवणानंतर. हात धुतले आणि लगेच खटला. काका वसईचे, पन्नाशीतले, हमरिया फ्री झोनमध्ये दिवसभर उन्हात उभे राहून कंटेनर खाली करून घ्यायचे.

आधीच सांगतो, काका हुकूमशहा होते. फ्लॅटमध्ये आम्ही सहाजण आणि कित्येक वर्षं इनचार्ज तेच. बोंबील तळायला बंदी, दहानंतर टीव्हीला बंदी. त्यांची सत्ता उलथवली मीच. कॉलेजात पत्रकं काढून हात बसलेला होता. ‘बोंबील मुक्त करा’ असं पत्रक फ्रिजवर चिकटवलं, मतदान घेतलं, काका आपटले. त्या संध्याकाळी बोंबील तळले. काकांनीही दाबून खाल्ले. क्रांती तिथेच संपायला हवी होती.

पण मतदानात निवडून आलेल्या नव्या इनचार्जला, म्हणजे आमच्यातल्याच पुण्याच्या अकाउंटंटला, खटला हवा होता. गुरुवारी त्याने नियम केला की दुसऱ्याच्या खाण्यावर बंदी घालणं हा गुन्हा. शुक्रवारी त्याच नियमाखाली काकांची जुनी सगळी वर्षं गुन्ह्यात धरली. तक्रारदार तोच, न्यायाधीशही तोच. मागणी काय, तर काकांनी विंडो एसीखालची कॉट सोडायची आणि हॉलमध्ये जमिनीवर झोपायचं. हॉलला एसी नव्हता. शारजातला ऑगस्ट ज्याने पंख्याखाली काढलाय त्याला विचारा ही शिक्षा काय असते.

मी म्हटलं, काकांना बोलू तरी द्या. तर म्हणे, वेळ नाही, पिक्चर लागायचाय. तेवढ्यात माझं लक्ष बेडरूममध्ये गेलं. काकांच्या कॉटवर न्यायाधीशाची उशी होती, नव्या अभ्र्यासकट.

“निकाल अजून दिला नाहीस,” मी म्हणालो, “मग उशी आधीच कशी गेली?”

काका दात कोरत म्हणाले, “असू दे रे. उशी पोचलीय, आता निकाल पण पाठवा मागोमाग.”

सगळे हसले. न्यायाधीश म्हणाला, “खलास,” आणि काका गादी गुंडाळून हॉलमध्ये गेले.

तुम्हीही तुमच्या मंडळात, सोसायटीत कधीतरी कुणाला खुर्चीवरून ओढाल. जरूर ओढा. पण मग निवाड्याला जो बसेल त्याला आधी उभं करा आणि सगळ्यांसमोर विचारा, तू आज कुठे झोपणार? उत्तर मिळेपर्यंत त्याला तोंड उघडू देऊ नका.