आमच्या शूटिंगमध्ये लागलेलं खरं लग्न

कॅमेरा सुरू करायला 'रोल' म्हणणार म्हणून मी तोंड उघडलं आणि समोरची धवलेरी पाटावरून उठून चालायला लागली.

धवलेरी म्हणजे आमच्या डहाणू-तलासरीकडची लग्न लावणारी बाई. भटजीच्या जागी ही बसते आणि मंत्रांच्या जागी हिची गाणी. माझ्या शॉर्टफिल्मचा शेवट तिच्या गाण्यावरच होता. नवरी मीच. लिहायचं आपण, डायरेक्शन आपलं आणि मिरवायचंही आपणच, अशी माझी पद्धत. ह्या भूमिकेसाठी मी दोन वर्षं झुरले होते.

मांडव तलासरीकडच्या एका पाड्यावर, रघू आणि जानकी ह्या जोडप्याच्या अंगणात घातला होता. कॅमेरा एकच दिवस मिळालेला. हळद लावून, बाशिंग बांधून मी मॉनिटरसमोर बसले होते.

"सोनीआजी, चाललात कुठे?"

"घरी. माना वाटला तुझा खरा लगीन हाय."

चूक माझीच. फोनवर 'लग्नाला या' एवढंच बोलले होते.

"आजी, हे नाटक आहे."

"तुझा नाटक. माझा गाणा नाटक नाय. गाणा गायला का लगीन लागला. मंग यो तुझा नवरा."

'यो' म्हणजे आमचा हिरो नितीन. त्याची बायको पल्लवी आमच्याकडे मेकअप करते. ती पफ हातात घेऊन तिथेच उभी होती. तिने नितीनचं बाशिंग सोडलं आणि बॅगेत भरलं.

मी विनवण्या केल्या. नुसते ओठ हलवा, आवाज नंतर घालू म्हटलं, म्हणजे डबिंग. अर्धंच गा म्हटलं.

"अर्धा लगीन लावतात का कोणाचा?"

"मॅडम, उजेड चारपर्यंतच," कॅमेरामन मयूर म्हणाला. गाणं नाही तर फिल्म नाही.

तेवढ्यात चहा देणारी जानकी हळूच म्हणाली, "ताई, मांडव घातलाच हाय. आमचा राहिलाय ना."

आमच्याकडे पुष्कळ जोडपी आधी संसार मांडतात आणि लग्न पुढे सवडीने करतात. ह्यांची सवड निघेपर्यंत पोरगी दहावीला पोचली होती.

"आज?" रघू गालावरून हात फिरवत म्हणाला. "दाढी वाढलीय माझी."

पल्लवीने त्याला धरून खुर्चीत बसवलं.

खरं सांगते, माझ्या पोटात दुखलं. पण जानकीचं तोंड बघितलं आणि बाशिंग सोडून तिला बांधलं. आजीने भिंतीवरचा आमचा चौक, म्हणजे शूटिंगसाठी रंगवलेलं लग्नाचं वारली चित्र, पुसायला लावला आणि सवाष्णींकडून नवा काढून घेतला. मग पाटावर बसून गायला लागली.

ती दोन तास गायली. मध्ये अँगल बदलायला मी 'कट' म्हणणार, तर तिने हात वर करून मला गप्प केलं. मयूर कॅमेरा खांद्यावर घेऊन पळत होता. पोरगी फ्रेममध्ये घुसून खिदळत होती. "माझ्या वर्गात कोणी बघितलंय का आईचं लग्न?" जानकी इतकी लाजली, की तसं लाजणं मला सात रिटेकमध्येही जमलं नसतं. मी मॉनिटर सोडून नाचायला गेले.

नशीब, आम्ही शेवटचा सीन आधी शूट करत होतो. बाकीची फिल्म पुन्हा कॅमेरा मिळाल्यावर जानकी-रघूला घेऊन केली. एका स्पर्धेत अभिनयाचं बक्षीस जानकीला मिळालं. मी त्यात करवली आहे. चार सेकंद दिसते, तीही पाठमोरी.

तेव्हापासून स्क्रिप्टमध्ये लग्न असलं, की कास्टिंगआधी पाड्यावर विचारून येते, कोणाचं राहिलंय का.