बस्त्याला आलेली पंधरा माणसं

आमच्या गल्लीचं पुनरुज्जीवन झालं, त्याला आता दोन दिवाळ्या होऊन गेल्या. शब्द बघा केवढा! मेलेल्याला उठवावं तसा. आम्ही मेलो कधी होतो, हे मला अजून कुणी सांगितलेलं नाही. जुन्या पनवेलच्या या गल्लीत माझ्या सासऱ्यांनी कापडाचं दुकान टाकलं, आणि लग्न होऊन आले तेव्हापासून मीही तिथेच बसते. बाकीचं वर्ष कसंबसं निघायचं, पण लग्नसराई आम्हाला तारून न्यायची.

मग खारघरकडे मोठमोठी दुकानं झाली, लोक फोनवर साड्या मागवायला लागले आणि आमचा धंदा बसला. खोटं कशाला बोलू, चांगलाच बसला. तेवढ्यात गल्लीतल्या चार पुढारी दुकानदारांनी कुठून तरी एक सल्लागार पकडून आणला. पँट घोट्याच्या वर, पायात मोजे नाहीत, आणि तोंडात सारखं ‘लूक’ आणि ‘फील’. हॉल घेऊन सभा भरवली. पडद्यावर त्याने परदेशातल्या गल्ल्या दाखवल्या. त्यात एक माणूस खरेदी करताना दिसेल तर शपथ! सगळे आपले कॉफी पीत बसलेले. आणि आमची मंडळी नंदीबैलासारखी माना डोलवतायत. समोरचे चपलांच्या दुकानातले चाचा तेवढे उठले. म्हणाले, “दुकान नवं करून देताय, मेहरबानी. गिऱ्हाईकही नवं आणून देणार का?” सगळे हसले, तेही चाचांनाच.

झालं, कामाला सुरुवात. सगळ्या पाट्या एका रंगाच्या, शिळ्या कॉफीसारख्या. दुकानांपुढचे ओटे तोडले. त्या जागी लोखंडी बाकं आली, उन्हात बसलं तर बूड भाजून निघेल अशी. आणि दुकानातल्या गाद्या काढायच्या, कारण गादी म्हणजे म्हणे गावठी लूक. आमच्या ह्यांना ते इतकं पटलं की घरी येऊन मलाच शिकवायला लागले. ज्या माणसाला घरात स्वतःचा टॉवेल सापडत नाही, तो मला लूक शिकवणार! मी नाक मुरडलं आणि चहा टाकला.

भिंतीपासून भिंतीपर्यंतची पांढरी गादी गेली. आपोआप लागणारं काचेचं दार आलं, एसी आला, काउंटर आला. काउंटरपुढे चार उंच स्टुलं. त्यांच्यावर नऊवारीतल्या बाईने चढायचं कसं, हे त्या दीडशहाण्याने स्वतःच्या आजीला विचारलं असतं तरी कळलं असतं.

बस्ता म्हणजे काय हे ज्याला ठाऊक नाही, त्याने कापडाच्या दुकानाला हात लावू नये. लग्नाची कापडखरेदी करायला दोन्हीकडची माणसं एकत्र येतात. नवरीचा शालू असतोच, पण आत्या, मावश्या, माम्या, करवल्या, सगळ्यांचं मानाचं कापड तिथेच निघतं. एक साडी पंधरा मांड्यांवरून फिरते. कुणी रुसतं, कुणी समजूत काढतं, चहा दोनदा होतो. हे सगळं मांडी घालून, निवांत बसून होतं. म्हणून गादी होती. लूक म्हणून नाही.

त्याच वर्षी नेरे गावाकडच्या एका आजींच्या नातीचं लग्न ठरलं. आजींच्या तिन्ही मुलांचा बस्ता आमच्याकडेच झाला होता. नव्या सजावटीत आमची होती नव्हती ती पुंजी गेली होती. हा बस्ता मिळाला की आजींच्या मागोमाग गाव येणार आणि निसटला तर गावही जाणार, हे आम्हा दोघांना पक्कं माहीत होतं. आठ दिवस आम्ही त्यांची वाट बघत होतो.

आले एकदाचे. टेम्पोतून पंधरा माणसं उतरली. आजींनी काचेच्या दारापुढे चपला काढल्या, ते बघून बाकीच्यांनीही काढल्या. हे लगबगीने दाराशी गेले. मला वाटलं, हात जोडतील. तर म्हणाले, “आजी, चौघं आत या, बाकीचे बाकांवर बसा. नंबराने घेऊ.”

आजी, नवरी, नवरीची आई आणि एक मामी आत आल्या. त्यांच्यामागून मुलाची आई येत होती, गुडघ्यांवर हात ठेवत सावकाश. ती पोचली आणि दार तिच्या तोंडावर लागलं. अहो, मुलाची आई! बस्त्याला! ह्यांना ते दिसलंच नाही. मामी दाराकडे वळली तर हे म्हणतात, “दार नका उघडू, एसी जातो.”

आजींनी काचेतून विहिणीकडे पाहिलं, मग ह्यांच्याकडे. स्टुलाला हातसुद्धा लावला नाही. “येतो हां,” म्हणाल्या आणि चौघी बाहेर पडल्या. पंधराही माणसं चपला घालून चालायला लागली. आणि हे मला सांगतात, “येतील गं परत. म्हणाल्या ना, येतो!”

मी तशीच अनवाणी धावले. चार दुकानं पुढे आजींना गाठलं. म्हटलं, “आजी, चुकलं आमचं. मी सतरंजी टाकते, काउंटर बाजूला सारते, सगळे आत बसा. विहीणबाईंच्या मी पाया पडते.”

आजी थांबल्या. रागावलेल्या नव्हत्या, तेच मला जास्त लागलं. “बाय, तुजा धनी पुरुषमाणूस, त्याला नाय समजत,” त्या म्हणाल्या. “पन तू तिथं हुतीस ना? माजी इहीन उभी हाय, तुला दिसत हुतं ना?”

मी मान खाली घातली. त्या गेल्या. बस्ता मागच्या गल्लीत झाला, गादीवर बसून, आणि गावातली पुढची लग्नंही तिकडेच गेली.

मला दिसत होतं, सगळं दिसत होतं. दार माझ्यापासून दोन पावलांवर होतं. मी काउंटरमागे हाताची घडी घालून उभी राहिले, कारण हे कसे तोंडावर आपटतात ते मला एकदा बघायचं होतं.