झोरेलाचा लवकाटा

आमच्या उर्गावलात झोरेलाला घरी बोलवायचं म्हणजे आधी तिची बोलणी खायची आणि मग चूल नीट करून घ्यायची. डोंगरातलं ओज जमिनीखालून येतं आणि प्रत्येक घरात चुलीच्या दगडातून वर निघतं. त्याचा सूर जरा ढळला, की दूध उतू न जाता सरळ आढ्याला जाऊन चिकटतं, पळ्या घरभर तरंगत फिरतात आणि कोंबड्या कवच आत, बलक बाहेर अशी अंडी घालतात. मग झोरेला येते. उजव्या हातानं दगडाभोवतीच्या पितळी खुंट्या पिळते आणि डाव्या हातातल्या लवकाट्यावरची नजर काही हलवत नाही.

लवकाटा म्हणजे तळहाताएवढी तांब्याची डबी. वर काच, आत एकच काटा, तोही कोकराच्या कानातल्या लवेचा. पलीकडच्या गल्लीत कुणी शिंकलं तरी थरथरतो. तो मध्यावर थांबला, की चूल सुरात आली. झोरेलाला तो आईकडून मिळालेला. त्यावर तिचं पोट चालायचं आणि मिजासही.

"काल चुलीपाशी बसून नवऱ्याशी भांडलीस ना गं? दगडाला सगळं कळतं!" असं ती सुनांना सासूसमोर विचारायची. मी तर तिची शेजारीण. मला म्हणाली होती, "तुझी चूल बरी आहे, जीभ ढळलीय. तिला खुंट्या असत्या तर फुकट पिळून दिल्या असत्या."

एकाच घरी मात्र बाईंची मात्रा चालत नव्हती. पिंपं बनवणारा बेरुमान, बायको जाऊन बरीच वर्षं झालेली, बोलायला महाग. त्याच्या चुलीपाशी काटा कायम डावीकडे झुकलेला. खुंट्या पिळून पिळून ती घामाघूम व्हायची, तरी काटा ढिम्म. आठवडा जातो न जातो तोच बेरुमान दारात हजर. "झोरेलाबाई, पळी परत उडाली हो."

"तुमची पळी आहे का पाखरू?" असं खेकसत ती लगेच निघायची. निघण्याआधी केसांना तेल लावायची, हे मी माझ्या खिडकीतून पाहिलेलं आहे. काय चाललंय ते पाणवठ्यावरच्या आम्हा सगळ्याजणींना ठाऊक होतं, फक्त तिला नव्हतं. इतकी छान करमणूक फुकटात होत असताना तिला सांगणार कोण?

तिनं सगळं खापर फोडलं काट्यावर. "म्हातारा झालाय मेला, झुकायला लागलाय," असं येईल त्याच्यापाशी बोलायची. ते बोलणं खालच्या शहरात लवकाटे तपासणाऱ्या काटेघरापर्यंत पोचलं. झुकणारा काटा काटेघर ठेवत नाही, त्याची डबी वितळवून टाकतं. एका सकाळी तिथला तपासनीस आंद्रूश येऊन उभा राहिला, तेव्हा झोरेलाचा चेहरा पांढराफटक पडला.

"दादा, आईची वस्तू आहे हो ती," एवढंच ती म्हणाली. तिच्या तोंडून असं मऊ बोलणं मी कधी ऐकलं नव्हतं. मला खरंच वाईट वाटलं.

आधी माझ्या घरी तपासणी झाली. काटा मध्यावर. मग सगळे बेरुमानकडे गेलो. सगळे म्हणजे अर्धं गाव. आंद्रूशनं लवकाटा स्वतः धरला. काटा मध्यावर. झोरेलाच्या हातात दिला, तर डावीकडे. परत घेतला, तर मध्यावर. त्यानं दाढी खाजवली. माणूस वाईट नव्हता, पण बेरकी होता.

"बाई, आता तुम्हीच धरा. बेरुमान, जरा खिडकीपाशी उभे राहा बघू."

काटा खिडकीकडे वळला.

"आता दारात."

काटा दाराकडे. बेरुमान एरवी डाव्या कोपऱ्यात पट्ट्या ठोकत बसायचा, म्हणून काटाही इतकी वर्षं तिकडेच बघत होता. आम्ही बायकांनी तोंडं दाबून धरली.

"काटा शाबूत आहे," आंद्रूश म्हणाला आणि त्यानं डबी स्वतःकडे घेतली. "झुकतोय तो हात. जिथं आपला जीव गुंतला, तिथली चूल आपण लावायची नाही, हा तुमच्या धंद्याचा नियम मी तुम्हाला शिकवायला नको. काटा तुमचाच राहील. या घराची चूल मात्र यापुढे खालच्या आळीचा गोलमत बघेल."

झोरेला कानापर्यंत लाल झाली. आईची वस्तू वाचली होती, पण या घरात यायला आता तिला काही निमित्तच उरलं नव्हतं. आमचं हसू विरलं.

"गोलमत चांगला माणूस आहे," ती जमिनीकडे बघत म्हणाली. आवाज तिचा वाटेचना.

"गोलमतला नका पाठवू," बेरुमान म्हणाला.

"का?" आंद्रूशनं विचारलं.

"चूल बिघडतच नाही. मीच खुंट्या पिळून ठेवतो. साहेब आल्याचं कळलं म्हणून मघाशी सरळ केल्या."

मग झोरेलाचा आवाज परत आला, चांगला आळीभर ऐकू जाईल असा. "अरे मुडद्या! खुंट्या पिळून पिळून माझी मनगटं गेली! आणि तू त्या कोपऱ्यात बसून नुसता बघत होतास?"

"हो," बेरुमान म्हणाला. "बघतच होतो."

डबी आंद्रूशकडे असल्यामुळे रिकाम्या हातांचं काय करावं ते झोरेलाला कळेना. बेरुमाननं चुलीवरचं शेवाळ्याचं सार वाडग्यात ओतलं आणि वाडगा तिच्या हातात ठेवला. आंद्रूश आम्हाला हुसकून दार लावत होता, तेव्हा मी मान उंच करून पाहिलं. झोरेला चुलीकडे पाठ आणि बेरुमानकडे तोंड करून बसली होती.