‘फेरा’मधली तिसरी तबकडी

“‘फेरा’ लाव भो. आठी बाजू वाजाडाले पाह्यजे,” दशरथ नाना म्हणाले.

मी म्हटलं, “सहा वाजाडस नाना. तिसरी तबकडी नही.”

“का नही?”

“वाकेल शे.”

हे खोटं नव्हतं. पण पूर्ण खरंही नव्हतं.

ब्राह्मणपुरीला नानांच्या मुलीचं लग्न होतं. साठ सालानंतरची गोष्ट, वैशाखातली. मी भोंगेवाला. तापीकाठच्या प्रकाशा गावाहून बैलगाडीत सामान घालून आलो होतो. भोंगा, अँप्लिफायर, मोटारची बॅटरी, माईक आणि तबकड्यांची ट्रंक. तेव्हा वीज सगळीकडे नव्हती, म्हणून बॅटरी. अँप्लिफायर म्हणजे आवाज मोठा करणारा डबा. तबकडी लाखेची असायची. लोखंडी सुई तिच्या रेघांतून फिरायची आणि गाणं निघायचं. एका बाजूला तीन मिनिटं. सुई दर खेपेला रेघ थोडी खरवडायची. तबकडी जितकी वाजवाल तितकी झिजते. हे लोकांना माहीत नसायचं.

अल्बम हा शब्द तुम्ही आज फोटोला वापरता. आमच्या धंद्यात अल्बम म्हणजे जाड पुठ्ठ्याचं पुस्तक, त्यात पानांच्या जागी कागदी खिसे आणि प्रत्येक खिशात एक तबकडी. ‘फेरा’ असा अल्बम होता. चार तबकड्या, आठ बाजू, सगळी नाचाची गाणी. मुंबईच्या एका कंपनीचा साहेब आवाज भरायचं मशीन घेऊन खांडबाऱ्याला उतरला होता. आठ दिवस राहिला. सपाटीच्या बाया, डोंगरातली माणसं, ज्याला गाता येतं त्याला बसवून गाणी भरून घेतली. वर नाव दिलं ‘फेरा’. पुठ्ठ्यावर नाचणाऱ्या पायांचं चित्र.

ते नाव साहेबाने नाचावरून दिलं असेल. होळीला लोक ढोल घेऊन आगीभोवती फिरतात, तो फेरा. पण आमच्याकडे हा शब्द कशालाही चालतो. नाना गुजर. त्यांच्या लग्नात चार फेरे असतात, म्हणून गुजरांच्या लग्नात हा अल्बम हमखास मागायचे. प्रकाशाला देवळात येणारे म्हणायचे, प्रदक्षिणेची गाणी असतील, लाव. शहाद्याचा एक एसटी ड्रायव्हर म्हणाला, “आमना दिवसमा चार फेरा व्हतस, आमना वर गानं केलं का कंपनीनी?” म्हाताऱ्यांना चौऱ्यांशी लक्ष जन्मांचा फेरा आठवायचा. आवाज ऐकून डोळे मिटून बसायच्या, गाणं नाचाचं असलं तरी. ज्याला जो फेरा हवा तो त्यात सापडायचा. म्हणून मला त्या अल्बमवर सुपाऱ्या फार.

तिसऱ्या तबकडीची एक बाजू माझ्या बायकोची होती. केसर तिचं नाव. खांडबारा तिचं माहेर. भावाच्या घरी गेली असताना साहेबाने तिला बसवलं. ती पुढे गायची, बाकी बाया मागून. तबकडीवर तिचं नाव नाही. ‘मुख्य गायिका व मंडळी’ एवढंच छापलंय. साहेबाने विचारलं, फेरा म्हणजे काय हो बाई? ती म्हणाली, “दोन्ही घागरी भरीसन तापीना चढाव चढनं.” साहेबाला कळलं नाही. बाया हसल्या. गाण्यातही ती एकदा हसलीये. तिसऱ्या कडव्याच्या आधी खोलीत कोंबडी शिरली, म्हणून. साहेबाने ते तसंच ठेवलं.

अल्बम आल्यावर दोन वर्षांत ती गेली. ताप आला, तिसऱ्या दिवशी संपली. मुलगी सुमन वर्षाची होती. फोटो एकही काढला नव्हता. मी ठरवलं, ती बाजू वाजवायची नाही. झिजवायची नाही. पोरीला समज येईल तेव्हा तिला आई ऐकवायची. तोवर तबकडी आहे तशी राहू दे.

मग लग्नात बरोबर का नेली, असं तुम्ही विचाराल. गाढवपणा. पुस्तकातून एक तबकडी काढली की बाकीच्या ढिल्या होतात, आपटतात, म्हणून मी अख्खं पुस्तक घेऊन हिंडत होतो. त्या दिवशी ट्रंक गाडीत उन्हाच्या बाजूला राहिली. तबकडी वाकली ती तशी.

नाना म्हणाले, “वाकेल शे तं सरळ कर. ती बाई हासस ना, तीच बाजू माले फेराले जोयजे. सुपारी लिधी ना तू?”

सुपारी म्हणजे बोलणी पक्की झाल्यावर यजमान हातावर ठेवतो ती खरी सुपारी. ती घेतली की यजमान मागेल ते वाजवायचं. त्यात भोंगेवाल्याची नाही चालत नाही. एकाला नाही म्हटलं की पंचक्रोशीत नाव जातं.

नाना पुढे म्हणाले, “प्रकाशाना भोंगावाला म्हणे! तबकडी सरळ करता येत नही?”

मला येत होतं. दहा-बारा तबकड्या मी सरळ केल्या होत्या. दोन काचा घ्यायच्या. मधे तबकडी. उन्हात ठेवायची. लाख नरम होते, काचेच्या वजनाने सपाट होते. मग काचेसकट सावलीत आणून गार करायची. आमच्या उन्हात पाच-सात मिनिटं पुरे. जास्त झालं तर रेघाच बसतात. रेघ गेली म्हणजे आवाज गेला.

तरी मी नाही म्हणायला हवं होतं. खरं सांगायला हवं होतं, नाना, माझ्या मेलेल्या बायकोचा आवाज आहे त्यात. दशरथ नाना वाईट माणूस नव्हता, त्याने सोडलं असतं. पण मांडव भरलेला, पाहुणे ऐकत उभे. आणि दुसरं म्हणजे, वाकलेल्या तबकडीत आवाज लाटा खातो. तिचा आवाज तसा राहावा हे मलाही नको होतं. आज ना उद्या सरळ करायचीच होती. मी म्हटलं, “काचा द्या.”

गावात सुट्या काचा कुठल्या? नानांनी ओट्यावरच्या दोन तसबिरी उतरवल्या. एक रामाची, एक त्यांच्या वडलांची. त्यांची आई दारात बसली होती. तिला घरात सगळे डोसी म्हणायचे. ती ओरडली, “दशरथ, मन्हा धनीले उघडा कसाले करी ऱ्हायना रे?”

“माय, संध्याकायले परत लाई दिसूत.”

“आयुष्यभर टोपी काढी नही त्यानी. आते काच काढी ली तुमीनं!”

सगळे हसले. मीही हसलो.

खळ्यात एक सपाट दगड होता. जवळ निंबाचं झाड. मी बघून घेतलं, निंबाची सावली दगडाकडे सरकत होती. पाच-सात मिनिटांत दगडावर येणारच. मुद्दाम सावलीच्या कडेला काचा ठेवल्या. म्हणजे मी विसरलो तरी झाड विसरणार नाही. हुशारी केली.

खळ्यात बकऱ्या फिरत होत्या, लग्नाची पोरंटोरं पळत होती. नानांनी त्यांचा सालदार रायसिंग राखणीला दिला. सालदार म्हणजे वर्षाच्या बोलीवर राहिलेला शेतगडी. धडगावकडचा, पन्नाशीचा माणूस. कमी बोलायचा. हातात काठी. मी त्याला सांगितलं, “रायसिंग भाऊ, हे उनमा तपाडानं शे. कोनले हात लावू देवाना नही. हलू देवानं नही.”

“बरं,” तो म्हणाला.

एवढं सांगून वळलो तर मांडवातून हाक. पुढारी आले होते. तालुक्याचे. त्यांना फेऱ्यांच्या आधी चार शब्द बोलायचे होते आणि पुढे दुसऱ्या गावात दुसरं लग्न होतं. माईक हातात दिला तर आवाज नाही. मी वायर चाचपली. माईकच्या खाली वायरीचा डाग सुटला होता. डाग म्हणजे कथलाने केलेला सांधा. तापवून परत लावायला वेळ पाहिजे. पुढारी घड्याळ बघत होते. मी खाली बसलो, दोन्ही तारा चिमटीत जुळवून धरल्या. भोंगा बोलला.

“धरी ठेव,” नाना म्हणाले.

धरून ठेवलं. पुढाऱ्यांनी आधी वधूवरांना आशीर्वाद दिला. मी म्हटलं, झालं. मग ते पाटावर गेले. पाट म्हणजे कालव्याचं पाणी, लग्नाचा नव्हे. पाणी तापीचं, हक्क आपला. मग केळीवर गेले. मग सोसायटीवर. मी त्यांच्या पायाशी बसलेला, बोटं ओली झाली होती. जरा ढिलं पडलं की भोंगा शिट्टी मारायचा आणि शंभर माणसं माझ्याकडे बघायची.

मी नानांना खालून धोतर ओढून म्हटलं, “नाना, माले दोन मिनिटं उठू द्या.”

“आते उठना तं आवाज बंद पडी जाई. बस ना भो.”

“तबकडी उनमा शे.”

“रायसिंग शे ना तठे!”

बरोबर होतं. रायसिंग होता. आणि सावली होती. मी मनात झाडाची सावली मोजत बसलो. आता कडेला लागली असेल. आता अर्ध्या काचेवर आली असेल. आता पूर्ण. आता तर गारही होत असेल. मग मला जरा बरं वाटलं. पुढारी म्हणाले, “शेवटी एकच सांगतो,” आणि तीन गोष्टी सांगितल्या.

टाळ्या वाजल्या तसा मी तारा टाकून पळालो.

निंबाची सावली दगडावर पसरली होती. दगडावर काही नव्हतं. काचा दोन हात पुढे, खळ्याच्या भाजलेल्या जमिनीवर, भर उन्हात होत्या. रायसिंग शेजारी उभा. घामाने निथळत होता. स्वतःही सावलीत गेला नव्हता.

मी म्हटलं, “हे आठे कसं उनं?”

तो म्हणाला, “भाऊ, दोन दाव सावली उनी. दोन्ही दाव मी उनमा सरकाडं. तुम्हीच सांगेल व्हतं ना, उनमा तपाडानं शे.”

त्याच्या तोंडावर काम नीट केल्याचं समाधान होतं. बकरी सोडा, कुत्रं फिरकू दिलं नव्हतं त्याने.

काचांना हात लावला तर चटका बसला. धोतराचा सोगा धरून उचलून सावलीत आणल्या. गार व्हायची वाट बघितली. रायसिंगला शंका आली असावी. त्याने विचारलं, “चुकनं का भाऊ काही?” मी म्हटलं, “नही. तुन्ही काय चूक?” ती नव्हतीच. मी त्याला सावलीचं बोललोच नव्हतो. झाडाला सांगून गेल्यासारखा गेलो होतो.

काच उचलली. तबकडी सरळ झाली होती. पाटीसारखी सरळ. आणि पाटीसारखी गुळगुळीत. उजेडात तिरपी धरली तर कडेच्या रेघा दिसेनात. बोट फिरवलं. काही लागलं नाही.

फेऱ्यांची वेळ झाली. मांडवातून निरोप आला, लाव. मी लावली. का लावली विचारू नका. एखादा माणूस गेलाय हे कळल्यावरही आपण हाक मारून बघतो.

भोंग्यातून घरघर आली. गिरणीसारखी. सुई सुटून सरसर आत घसरली. अगदी मधे, नाव छापलेल्या चिठ्ठीजवळ, थोड्या रेघा राहिल्या होत्या. तिथे सुई अडकली आणि गाणं लागलं. शेवटचं धृपद. ते मागच्या बाया म्हणतात. त्यात केसर नाही. ती तिथे थांबलेली असते, दम घेत.

चार शब्द वाजले आणि बाजू संपली.

“काय व्हयनं रे?” नाना मांडवातून ओरडले.

“गयी,” मी म्हटलं.

“मंग दुसरी लाव. खोळंबा करू नको.”

मी दुसरी लावली. चार फेरे झाले. लोकांनी तांदूळ टाकले. डोसी नातीकडे बघून रडत होती. कोणाला काही कमी पडलं नाही. जेवायला बसताना नाना म्हणाले, “तबकडीनं वाईट वाटू देऊ नको, दुसरी घेई ले.” मी हो म्हटलं. तसबिरींच्या काचा पुसून बसवून दिल्या. नानांच्या वडलांच्या काचेला लाखेचा काळा डाग राहिला, गालाजवळ. डोसीच्या नजरेस पडायच्या आत गाडी जुंपली.

दुसरी घ्यायला मी धुळ्याला गेलो, सुरतेला गेलो. जुन्या तबकड्यांचे ढीग उपसले. कंपनीला कार्ड टाकलं. माझं अक्षर वाईट म्हणून प्रकाशाच्या मास्तरांकडून लिहून घेतलं. उत्तर आलं, हा अल्बम थोडाच काढला होता, मागणी नसल्याने साचे मोडीत काढले. एका दुकानात ‘फेरा’चं पुस्तक मिळालं. तिथेच उघडलं. तिसरा खिसा रिकामा होता. दुकानदार म्हणाला, फुटली असेल, लाखेचं काय.

भोंग्याचा धंदा मी पुढेही केला. दुसरं काही येत नव्हतं. दुसरं लग्नही केलं नाही. ती तबकडी बरेच दिवस ठेवली. मग एकदा ट्रंक उचलताना दुसऱ्यांच्या खाली दबली आणि तिचे दोन तुकडे झाले. वाईट वाटलं नाही. त्यात काही राहिलंच नव्हतं.

सुमन आता नातवंडांची आजी आहे. सुरतेला असते. अजूनही कधी विचारते, “बाबा, मायना आवाज कसा व्हता?” मी सांगतो, चांगला होता. जरा जाड होता. हसायची. ती म्हणते, अजून सांगा. अजून काय सांगू? आवाज तोंडाने सांगता येत नाही. आणि खरं सांगायचं तर इतक्या वर्षांनी मला स्वतःलाही तो नीट ऐकू येत नाही. आठवायला बसलो की मागच्या बायाच ऐकू येतात.

या धंद्यातलं एवढंच शिकलो. माणसाला काम सांगाल तेव्हा ते कशासाठी आहे तेही सांगा. नुसता हुकूम दिला तर चांगला माणूस तो शेवटपर्यंत पाळतो.