हेलिकॉप्टरच्या वाऱ्यावर उपणणी

पुतण्या स्वतःच्या लग्नाला हेलिकॉप्टरने येणार होता. पारनेरकडच्या आमच्या माळावर ते उतरवून घ्यायची जबाबदारी माझी. पाणी मारणे, चुन्याची खूण, हलक्या वस्तू हटवणे, अशी यादी पूर्ण झाली. तेवढ्यात चुलती बियाण्याच्या बाजरीची पाटी घेऊन उपणायला आली.

“आयतं वारं येतंय,” म्हणाली.

“काकी, हेलिकॉप्टरची पाती हवा खाली ढकलतात म्हणून ते उचललं जातं. ती हवा जमिनीवर आपटून चहूकडे पळते. दाणेही नेईल.”

“दाना जड, भुसा हलका. मला शिकवतो व्हय?”

हेलिकॉप्टर उतरलं. भुसा गेला, दाणेही गेले. नवरदेवाला ओवाळायचं सोडून आम्ही दोघे बाजरी वेचत बसलो. मूठभर निघाली.

ती पदरात बांधत काकी म्हणाली, “घरी अजून एक पाटी हाय. जाताना त्या हेलिकॉप्टरला जरा लांबून उडव.”