रोदियोनच्या खांद्यावरचे तारे

सावेली इग्नात्येविच सेटवर आले की आमच्या दिग्दर्शकाच्या कपाळाला आठी पडायची. स्वेर्दलोव्स्कच्या गुन्हेशोध खात्यातले हे कर्नल, बुटके, जाडजूड, आमच्या पोलिसपटांचे सल्लागार. त्यांच्या सहीशिवाय चित्रपटाचं पान हलायचं नाही आणि सही काही सुखासुखी मिळायची नाही. "आमचा माणूस दारासमोर उभा राहून दार ठोठावत नाही. बाजूला उभा राहतो. आतून गोळी आली म्हणजे?" झालं! सगळं पुन्हा पहिल्यापासून. मी ध्वनिमुद्रक. कानाला यंत्र लावून बसायचो आणि मनातल्या मनात त्यांच्या सात पिढ्यांचा उद्धार करायचो.

त्या हिवाळ्यात टोळीच्या म्होरक्याचं काम रोदियोनकडे होतं. आयुष्यात शेजाऱ्याचं सफरचंदसुद्धा न चोरलेला भिडस्त प्राणी. त्याच्या अंगावरची तुरुंगातली गोंदणं सावेली इग्नात्येविचनी स्वतः कागदावर काढून दिली. दोन्ही खांद्यांवर आठ टोकांचे तारे, म्हणजे चोरांमधला मोठा मान. "आणि रंग पक्का पाहिजे," त्यांनी बजावलं. "घाम आला की ओघळणारा चोर मला चालणार नाही." आमच्या रंगभूषाकार झोयानं असा काही रंग घोटला की पाणी त्याला शिवेना. रोज संध्याकाळी ती तेल लावून पुसून द्यायची.

एका शनिवारी झोया तापानं घरी गेली. रोदियोन म्हणाला, "त्यात काय! सार्वजनिक स्नानगृहात जाऊ. वाफेनं काय निघत नाही?" आमच्याकडे सर्दी, न उतरलेली दारू, बायकोचा राग, सगळ्यावर वाफ हे एकच औषध. मलाही पटलं.

मी बाहेरच्या खोलीत बादली भरत होतो, तो वाफेच्या खोलीत पुढे गेला. उघड्या दारातून मला दिसलं, वरच्या फळीवर तिघे बसले होते. त्यातल्या म्हाताऱ्याच्या अंगावर गळ्यापासून घोट्यापर्यंत गोंदण, सगळं खरं.

"पोरा, हे तारे तुला कुणी दिले?" म्हाताऱ्यानं विचारलं.

रोदियोनला वाटलं, कौतुक चाललंय. "झोयानं!" तो ऐटीत म्हणाला.

"बाईनं?"

दोघे तरुण उठले आणि त्याच्या दोन बाजूंना येऊन उभे राहिले. न कमावलेला तारा मिरवणाऱ्याचं कातडं त्या लोकांत विटेनं खरवडतात, हे मी सावेली इग्नात्येविचकडूनच ऐकलं होतं. मी रखवालदाराच्या खोलीत धावलो आणि त्यांना फोन लावला.

ते दोन गल्ल्या पलीकडे राहायचे. पायजम्यावर ओव्हरकोट चढवून, धापा टाकत आले. एकटेच.

"अहो, चार शिपाई तरी आणायचे!"

"गणवेश आत गेला की पोरगा खबऱ्या ठरेल. मग नुसत्या विटेवर भागायचं नाही." ते कपडे उतरवू लागले. घाईत बटणं सुटेनात, तर त्यांनी एक तोडूनच टाकलं. "चूक माझी आहे. मीच काढून दिलं ना ते!"

गोरं पोट, युद्धात फाटून शिवलेला दंड, कमरेला पंचा. असे कर्नल मी कधी पाहिले नव्हते. ते थेट म्हाताऱ्यासमोर गेले. "तिखोन, त्याला सोड. नट आहे तो."

म्हाताऱ्यानं डोळे बारीक केले. "साहेब, तुम्ही? कपड्यांशिवाय ओळखलंच नाही हो! पण नट म्हणाल, तर प्रत्येक ठग नटच असतो."

"मग डोळ्यांनी बघ." ते माझ्याकडे वळले. "तेल आण! कसलंही आण!"

रखवालदाराचं जेवण टेबलावर होतं: सूर्यफुलाच्या तेलात बुडवलेली खारी मासळी आणि कांदा. मी बशीच उचलून आणली. कर्नल रोदियोनच्या खांद्यावर ते तेल चोळू लागले. काही होईना. तारा जसाच्या तसा. कम्युनिस्ट पक्षाचा सभासद असून मी देवाचं नाव घेतलं. ते आणखी जोरानं चोळत राहिले आणि एक टोक फिसकटलं. मग दुसरं. निळा-काळा ओघळ पार कोपरापर्यंत आला.

तिखोननं बोट लावून वास घेतला. "मासळी!" असं ओरडून तो इतका हसला की त्याला फळीला धरावं लागलं. रोदियोन रडायला लागला. मीही रडलो, उगाच कशाला खोटं सांगू! सावेली इग्नात्येविच तापलेल्या फळीवर मटकन बसले आणि म्हणाले, "हुश्श!"

"काढलंत मात्र अगदी बिनचूक, साहेब," तिखोन डोळे पुसत म्हणाला. "तिथंच तर घोळ झाला."

पुढच्या चित्रपटात रोदियोन पुन्हा चोर होता. या वेळी कर्नलनी झोयाला सांगितलं, "ताऱ्याला सातच टोकं काढ." पहिला खेळ पोलिसांच्याच क्लबात झाला. पडद्यावर तारा दिसताच मागून कुणीतरी ओरडलं, "सात टोकांचा तारा? सल्लागार कोण गाढव होता रे?" सगळं सभागृह खदखदलं. मी भीतभीत शेजारी पाहिलं. सावेली इग्नात्येविच सगळ्यांपेक्षा मोठ्यानं हसत होते.

"हसू दे त्यांना," ते माझ्या कानाशी म्हणाले. "चित्रीकरणभर रोदियोन ते तारे घेऊन एकटाच स्नानगृहात जायचा आणि सुखरूप परत यायचा."